पुढे गेलेला सामना आणि तुझी चिठ्ठी

दादा, काल डबा उघडला.

तुझ्याच घरात, तुझ्याच खाटेवर ठेवून. बिस्किटांचा तो चौकोनी डबा. झाकण बंद केलं की तू त्यावर कागदाची पट्टी चिकटवायचास आणि पट्टीवर सही करायचास, म्हणजे कोणी हळूच उघडला तर कळावं. फेब्रुवारीतली सही तशीच होती. वहिनीने पट्टी फाडली नाही. कात्रीने झाकणाच्या कडेकडेने कापली. सही अख्खी राहिली.

मंडळाच्या पोरांनी मला सांगितलंय, सूर्यकांतवर काहीतरी लिहून दे, तू कॉलेजात जातोस, तुला जमेल. मैदानावरच्या फळ्यावर लावायचंय. त्यांना जन्मगाव, नोकरी, स्वभाव मनमिळाऊ, असं पाहिजे आहे. मी दोनदा तसं लिहायला बसलो. जन्मगाव लिहिलं आणि पुढे सुचेना. ते सगळं चाळीतल्या प्रत्येकाला माहीत आहे. मला तुझ्याशी बोलायचं आहे, आणि एक गोष्ट सांगायची आहे जी मी तुला शेवटच्या भेटीत सांगितली नाही. त्यांना लावायचं असेल तर लावतील.

फळ्यासमोर नवखा कोणी उभा राहिला तर त्याला कळावं म्हणून आधी आपला खेळ सांगतो. आमच्या मंडळाची कबड्डी स्पर्धा दर वर्षी थंडीत होते, मुलुंडला, डोंगराच्या अंगाच्या मैदानावर. सूर्यकांतदादा तिथे गुणलेखक. म्हणजे पंचांच्या शेजारी टेबलावर बसून कोणी चढाईत किती मारले, कोणी पकड केली, ते सगळं वहीत लिहिणार. वर्तमानपत्रात आला तर फक्त निकाल येतो. कोणत्या खेळाडूने काय केलं हे दादाच्या वहीतच. त्या वहीवरून त्याने एक खेळ काढला. आपण चौघं, म्हणजे तू, वहिनी, दूध केंद्रावरचा बाबल आणि मी, प्रत्येक फेरीआधी आपापले सात खेळाडू चिठ्ठीवर लिहायचे. दोन्हीकडच्या संघांतून कोणीही चालेल. चढाईतल्या गुणाला एक, पकडीला दोन, आणि ज्याला आपण कप्तान लिहिलं त्याचं सगळं दुप्पट. चिठ्ठ्या डब्यात, डब्यावर सही. सामना झाला की उघडायचा. वर्षभरात सगळ्यात कमी गुण ज्याचे, त्याने पुढच्या वर्षी स्पर्धेआधी माझ्या बाबांबरोबर मैदानाची माती चाळायची.

कारण मैदान बाबांचं. तसं मंडळाचं, पण लाल माती आणणं, चाळणं, पाणी मारून बसवणं, हे सगळं बाबा करतात. कंपनीत लेथवर आठ तास उभे राहून आल्यावर.

मी एकदा तुला म्हणालो होतो, "दादा, तूच गुण लिहितोस आणि तूच चिठ्ठी टाकतोस. हे बरोबर आहे का?"

तू वही बंद केलीस. "कॉलेजात हेच शिकवतात काय रे? मोठ्या माणसाला चोर म्हणायचं?"

"तसं नाही म्हणालो."

"तसंच म्हणालास. वहिनीला विचार, गेली तीन वर्षं मी कितवा येतो."

आतून वहिनी म्हणाली, "शेवटून पहिला."

खरं होतं. गुणलेखक असून तू नेहमी मागे असायचास, आणि वहिनी, जिने आयुष्यात एक अख्खा सामना बसून बघितला नसेल, ती पुढे. तिची रीत सोपी होती. लग्न झालेले घ्यायचे. तू विचारलंस का, तर म्हणाली, "ते कुठे जात नाहीत. सामना आज होवो नाहीतर महिन्याने, ते आपले इथेच."

आम्ही हसलो. पण नंतर तुझी वही बघितली तेव्हा कळलं की तूही तेच करत होतास, फक्त मनापासून. वहीच्या शेवटच्या पानांवर तू खेळाडूंची नावं लिहून पुढे एक रकाना आखला होतास. वर लिहिलं होतं, "पुढे गेला तर". कारण आपल्याकडे ठरलेल्या दिवशी सामना होईलच असं कधी नसतं. दिवे जातात, मैदान लग्नाच्या मांडवाला दिलं जातं, पंच दुसरीकडे अडकतात. तू म्हणायचास, आज कोण चांगला खेळतो हे कोणीही सांगेल. सामना आठ दिवस पुढे गेला तर कोण उभा असेल, हे ज्याला कळतं तो जिंकतो. म्हणून एकाच सामन्यातले सगळे घ्यायचे नाहीत, थोडे इकडचे, थोडे तिकडचे. मार्चमध्ये विद्यार्थी घ्यायचे नाहीत. पाळी बदलणारे घेताना कॅलेंडर बघायचं. रकान्यात तू लिहिलेलं असायचं: "शनिवारी दुसरी पाळी." "बहिणीचं लग्न ठरतंय." "आई दवाखान्यात, मन थाऱ्यावर नाही." दादा, तू खेळाडूंच्या चढाया लिहायचास त्यापेक्षा जास्त त्यांची घरं लिहायचास.

नाक्याच्या संघातला चढाईवाला रघू, त्याच्या नावापुढे लिहिलं होतं, "शिमग्याला गावी. पालखीचा मान घरात. थांबणार नाही."

या वर्षीची फायनल फेब्रुवारीतल्या रविवारी होती. नाक्याचा संघ आणि वरच्या आळीचा. शनिवारी आपण चिठ्ठ्या टाकल्या. माझा कप्तान रघू. शिमगा तेव्हा लांब होता, कोण कशाला विचार करतो. शनिवारी संध्याकाळी अवेळी पाऊस आला आणि बाबांनी आठ दिवस राबून बसवलेल्या मैदानाचा चिखल झाला. फायनल पुढे गेली.

आता ती गोष्ट सांगतो.

त्या पावसात सगळे हळहळत होते. बाबा दारात उभे राहून मैदानाच्या दिशेने बघत होते, जसं कोणी घरातलं बाहेर भिजत असावं. आणि मला बरं वाटलं होतं. खरंच सांगतो, मला सुटल्यासारखं झालं होतं.

कारण तू म्हणाला होतास, "फायनल होऊ दे, मग मी तुझ्या बापाशी बोलतो."

कंपनीत बापाने वेळेआधी निवृत्ती घेतली तर त्याच्या जागी मुलाला लावून घेतात, हे इथे सगळ्यांना माहीत आहे. अर्ज मार्चअखेरपर्यंत द्यायचा. तो अर्ज जानेवारीपासून आमच्या घरी देवाच्या फोटोमागे आहे. त्यावर माझं नाव बाबांनी शेजारच्यांकडून लिहून घेतलंय, माझ्याकडून नाही. मी दुसऱ्या वर्षाला आहे. अजून एक वर्ष आणि मी आमच्या घरातला पहिला पदवीधर होईन. पण बाबांचा उजवा हात आता थरथरतो. मशीनवर थरथरणारा हात म्हणजे काय, ते तुला मी सांगायला नको, तू स्टोअरमध्ये होतास, जखमेच्या पट्ट्याही तूच द्यायचास. त्यांना मशीन सोडायलाच हवं. त्यांनी सोडलं तर घर माझ्यावर. मी नाही म्हणालो तर ते तसेच उभे राहणार, थरथरत. कुठूनही बघितलं तरी दार बंदच दिसतं. बाबा वाईट असते तर मला सोपं गेलं असतं.

मी हे तुला सांगितलं तेव्हा तू पहिल्यांदा विचारलंस, "तू का नाही बोलत?"

मी म्हणालो, "माझं ऐकणार नाहीत. तुझं ऐकतात."

"बोलून बघितलंस?"

मी गप्प बसलो. तू आपलंच सांगितलंस. तूही बापाच्या जागी लागलास. तुझंही कॉलेजचं एकच वर्ष झालं होतं. म्हणालास, "मला कोणी विचारलं नाही, आणि मीही सांगितलं नाही. चूक दोघांची, अर्धी अर्धी." एवढंच. मग म्हणालास, फायनल होईपर्यंत तो माणूस मातीशिवाय दुसरं काही ऐकणार नाही, ती होऊ दे.

म्हणून पाऊस आला आणि मला बरं वाटलं. फायनल नाही, म्हणजे बोलणं नाही, म्हणजे बाबांचं "नाही" अजून आलेलं नाही. पुढच्या रविवारी मैदान मांडवाला दिलेलं निघालं, तेव्हाही मी मनातल्या मनात त्या नवरानवरीचं भलं चिंतलं. त्यानंतर शाळेच्या परीक्षांसाठी कर्णे बंद ठेवायला सांगितलं म्हणून तिसऱ्यांदा पुढे. प्रत्येक वेळी मी चेहरा पाडला आणि आतून श्वास सोडला. तेव्हाच तुझे डोळे पिवळे व्हायला लागले होते, आणि तू उसाचा रस पीत टेबलावर नवी तारीख लिहीत होतास. मी प्रत्येक आठवडा मागून घेत होतो, दादा. तुझ्याकडे ते किती आहेत हे मला माहीत नव्हतं.

बाबांनी तीनदा मैदान नव्याने केलं. तिसऱ्यांदा पाणी मारताना झारी हातातून पडली. मी उचलून दिली. ते म्हणाले, "तारखा ठरवणाऱ्यांना माती चाळायला लावली पाहिजे." तू कडेला बसला होतास, तू म्हणालास, "काका, पुढच्या वर्षीही मीच येतो बघा, पुन्हा शेवटचा आहे मी." ते हसले. त्या महिन्यात ते हसलेले मी तेवढेच बघितले.

मग तुला भरती केलं. तारीख ठरली होती, होळीआधीचा रविवार. रघू सोमवारच्या गाडीने गावी जाणार होता. म्हणजे रविवारी सामना झाला तर माझा कप्तान मैदानात, आणि आणखी एकदा पुढे गेला तर पालखीखाली. मी मंगळवारी तुला भेटायला आलो. वहिनी औषध आणायला खाली गेली होती. मी तुझ्या पायाशी बसलो, आणि इतक्या दिवसांचं मनात असताना काय बोललो? म्हणालो, "दादा, चिठ्ठी बदलू द्यायला हवी. तीनदा पुढे गेलेला सामना हा नवा सामना धरायला पाहिजे."

तुझा आवाज बारीक झाला होता पण तू उठून बसलास. "नवा कसा? संघ तेच, मैदान तेच, फायनल तीच."

"माणसं तीच राहत नाहीत ना पण."

"म्हणूनच तर खेळ आहे. नाहीतर सकाळी कोण आलंय ते बघून चिठ्ठी लिहिलीस तर त्यात काय केलंस? तू आधी लिहिलंस. लिहिताना तुला जेवढं कळत होतं तेवढ्यावर लिहिलंस. त्याला धरून राहायचं."

"आणि परिस्थिती बदलली तर?"

"तर हरायचं."

"हे बरोबर नाही दादा."

"बरोबर नसेल. पण चिठ्ठी बदलायची नाही. आणि आता पुढे जात नाही सामना, रविवारी होतोय. मी येतो की नाही बघ."

वहिनी वर आली. मी उठलो. दारापाशी तू हाक मारलीस, "कॉलेजकुमार, रविवारनंतर. लक्षात आहे माझ्या."

मी मान हलवली. मला म्हणायचं होतं की दादा, फायनल राहू दे, तू बरा हो. म्हणायचं होतं की तू बाबांशी नाही बोललास तरी चालेल. ते काहीच म्हणालो नाही. जिना उतरताना मी अजून तुझ्या नियमाशीच भांडत होतो.

गुरुवारी तू गेलास.

रविवारची फायनल मंडळाने पुढे ढकलली. या वेळी कारण तू होतास. सुतकात टेबलावर कोण बसणार, आणि बसायचं तरी कसं. नवी तारीख पडली ती शिमग्यात. रघू गावी गेला. बाबल मला म्हणाला, "तार कर त्याका. ये म्हणा." मी म्हटलं, पालखी सोडून कोण येतं. बाबल म्हणाला, "ता पण खरा."

तेव्हा लक्षात आलं, सामना चौथ्यांदा पुढे गेला आणि मला बरं वाटलं नाही. आता मागे लपायला काही उरलं नव्हतं. फायनल झाली तरी बोलणारा कोणी नाही, न झाली तरी नाही. अर्जाची तारीख मात्र पुढे गेली नव्हती. ती जिथे होती तिथेच होती, आणि आमचं बारा बाय दहाचं घर तिच्या दिशेने रोज एक पाऊल सरकत होतं. मी पुस्तक उघडून बसायचो. समोर देवाचा फोटो. मागे तो.

काल फायनल झाली. तुझ्या खुर्चीवर मला बसवलं. मी नको म्हणालो, पण तुझी वही दुसऱ्या कोणाला वाचता येत नाही. चढाईला उभी रेघ, पकडीला फुली, लोणाला, म्हणजे अख्खा संघ बाद झाला की, गोल. चाळीस मिनिटं मी मान वर केली नाही. कोण जिंकलं ते सांगायला हवं तुला: वरची आळी, चार गुणांनी. नाक्यावाल्यांना रघू पाहिजे होता. त्याच्या जागी आलेल्या पोराने पाच चढाया केल्या आणि पाचही वेळा रिकामा परत आला.

दिवे लागल्यावर वहिनीकडे गेलो. बाबल आधीच येऊन बसला होता. वहिनीने डबा मध्ये ठेवला आणि आम्ही तिघंही त्याच्याकडे बघत बसलो.

बाबल हळूच म्हणाला, "आपण तिघांच्याच वाचूया. गेलेल्या माणसाची चिठ्ठी कशी रे धरूची? बरा दिसणा नाय."

वहिनीने माझ्याकडे बघितलं.

आणि दादा, मी बोललो. मी, ज्याला तुझा नियम कधीच पटला नव्हता. मी म्हणालो, "सामना तोच आहे. चिठ्ठी टाकली तेव्हा दादा होता. त्याला तेव्हा जेवढं कळत होतं तेवढ्यावर त्याने लिहिलं. पुढे काय झालं याने चिठ्ठी रद्द होत नाही. चारही वाचायच्या."

"पण तो..."

"रघू पण नव्हता मैदानात. माझी चिठ्ठी धरतोस ना?"

"हुबेहूब सुर्या बोलतासा वाटला," असं म्हणून बाबलने डोळ्यांना रुमाल लावला. वहिनी कात्री आणायला उठली.

वहिनीचे एकतीस. सगळे लग्न झालेले. बाबलचे सव्वीस. माझे एकोणीस. रघूच्या नावापुढे भोपळा, आणि भोपळ्याची दुप्पट भोपळाच. तुझी चिठ्ठी वहिनीने माझ्या हातात दिली, वाच म्हणाली. तुझं ते तिरकं अक्षर. सात नावं. सगळ्यात वर, रेघ मारून: कप्तान, रघू.

मी पुन्हा वाचलं. शिमग्याला गावी, थांबणार नाही, हे ज्याने स्वतःच्या हाताने वहीत लिहिलं होतं, त्यानेच. फेब्रुवारीत तुलाही वाटलं नसेल की सामना इतका लांब जाईल. मग त्या मंगळवारी तू माझ्याशी भांडत होतास, चिठ्ठी बदलायची नाही म्हणून, तेव्हा तुझाही कप्तान रघूच होता. मी म्हणालो ते ऐकलं असतंस तर तुझाही फायदा होता. तू एक शब्द बोलला नाहीस.

तुझे सतरा. मी ती बेरीज तीनदा केली.

"किती?" वहिनीने विचारलं.

"सतरा."

"म्हणजे शेवटचे."

"हो."

"यांना कधी जिंकता आलं नाही," ती म्हणाली, आणि तुला यायचं तसं हसू तिला आलं, आधी एका बाजूने. मग ती पदर तोंडाला लावून बराच वेळ बसून राहिली. आम्ही दोघं उठलो नाही. उठायचं कसं ते कळेना.

मला आठवत होता कॉलेजच्या प्रवेशाचा दिवस. आमच्या घरात तसला फॉर्म कोणी बघितला नव्हता. तू अर्धी रजा टाकून माझ्याबरोबर रांगेत उभा राहिलास. "पालकांचे शिक्षण" या रकान्यापाशी मी अडलो. तू म्हणालास, "चौथी लिही. चौथीपर्यंत शिकलेल्या माणसाचं पोरगं इथे उभं आहे, त्यात लाजायचं कोणी?" मी लिहिलं. तो फॉर्म मी माझ्या हाताने भरला होता, हे मला काल रात्री झोपताना नव्याने आठवलं. देवाच्या फोटोमागचा माझ्या अक्षरात नाही.

आज बाबांची दुसरी पाळी, दुपारची. सकाळी ते मैदानावर होते. स्पर्धा संपली की ते वरची माती खरवडून चाळून पोत्यांत भरून ठेवतात, पुढच्या वर्षासाठी. मी गेलो आणि चाळणीची दुसरी बाजू धरली.

"तू कशाला? कॉलेज नाही?"

"दादा शेवटचा आला. त्याची पाळी आहे."

त्यांनी चाळणी हलवायची थांबवली. मग पुन्हा सुरू केली. बराच वेळ आम्ही तसेच चाळत होतो. त्यांच्या बाजूने चाळणी थरथरत होती, आणि ते थरथरणं लाकडातून माझ्या हातात येत होतं. मग वाटलं, अर्जाचं बोलणं उद्यावर टाकलं तर उद्या मी आणखी काहीतरी कारण शोधीन. माझ्या नावापुढे तू त्या रकान्यात काय लिहिलं असतंस ते मला माहीत आहे. पुढे गेला तर, गप्प बसेल.

मी म्हणालो, "बाबा, मला तो अर्ज द्यायचा नाही."

ते चाळणी हलवत राहिले.

"मला पुढचं वर्ष करायचं आहे. तुमचा हात मला दिसतो. मी सकाळचं कॉलेज घेईन, दुपारी कुठेही काम करीन. पण तुमच्या जागी लागलो तर मग मी तिथेच राहीन, मला माहीत आहे."

"हे सुर्याने शिकवलं?"

"नाही. तो बोलणार होता. राहिलं. हे माझं मी बोलतोय."

बाबांनी चाळणीतले खडे एका बाजूला ओतले. खाली बसले, आणि खडे निवडल्यासारखं करू लागले, जे ते कधी करत नाहीत, खडे टाकूनच द्यायचे असतात. म्हणाले, "मी चौथी शिकलेला माणूस. मला कॉलेजचं कळत नाही. मला एवढं कळतं की कंपनीची जागा गेली तर परत येत नाही."

मी म्हणालो, "हो."

"आणि हात माझा आहे. त्याचं मी बघतो."

मला त्याचा अर्थ कळला नाही. अजून कळलेला नाही. उठताना ते म्हणाले, "साहेबाला विचारतो, परीक्षेपर्यंत थांबतात का. परीक्षा होऊ दे. मग बघू."

पोतं त्यांनी बांधलं, मी उचललं. घरी येऊन ते आंघोळीला गेले. मी फोटोमागे बघितलं. अर्ज तिथेच आहे.

तर हे असं आहे, दादा. काही सुटलेलं नाही. साहेब थांबेल की नाही माहीत नाही. बाबा हो म्हणाले नाहीत, नाहीही म्हणाले नाहीत. सामना पुन्हा पुढे गेला आहे, आणि या वेळी टेबलावर तू नाहीस.

पण माझी चिठ्ठी मी टाकली. माझ्या अक्षरात. आता ती बदलायची नाही.